आधी काउंटरच्या आतून बघ

विट्याहून तू विचारलंस ते थोडक्यात असं: वडिलांचं मोबाइल आणि टीव्हीचं दुकान आहे, बी.ए. झालंय, संध्याकाळी तू काउंटरवर बसतेस. तंत्रज्ञान आणि खरेदीचं वेड यावर तुला प्रायोगिक फिल्म करायची आहे. गोष्ट नको, नट नकोत. हाताशी एक फोन आणि एक जुना लॅपटॉप. मैत्रिणी म्हणतात, 'हे नुसतं तुकडे चिकटवणं, याला फिल्म कोण म्हणणार?' तर सुरुवात कुठून करू, आणि जाहिरातींचे तुकडे वापरले तर कुणी धरेल का?

सोबत दोन पानी आराखडा पाठवलास. डोक्याच्या जागी टीव्ही असलेला माणूस बाजारातून चालतो. फोनकडे बघत भुतासारखी माणसं जातात. शेवटी एक मुलगा फोन मातीत पुरतो आणि तिथून रोप उगवतं.

रागावू नकोस, पण ही फिल्म मी पाहिली आहे. कॉलेजांच्या स्पर्धांना परीक्षक म्हणून बसायला लागल्यापासून दर वर्षी एकदा तरी पाहतो. रोप कधी आंब्याचं असतं, कधी वडाचं. करणाऱ्याला कॅमेरा चालू करायच्या आधीच सगळं माहीत असतं, हीच तिची अडचण. फोन वाईट, झाड चांगलं. निकाल लागलेला खटला परत चालवायचा आणि प्रेक्षकांना साक्षीला बसवायचं. आणि हे सगळं शूट फोनवर, जोडलं फोनवर, टाकलं फोनवर, मग रात्रभर किती जणांनी पाहिलं ते बघत जागायचं तेही फोनवरच! तेवढा भाग मात्र आराखड्यात कधी नसतो.

तुझ्याकडे जे आहे ते माझ्याकडे कधीच नव्हतं. तू काउंटरच्या आत बसतेस. मॉल, शोरूम, बाजार यांच्यावर फिल्म करणारे बहुतेक जण काचेच्या बाहेरून शूट करतात. आतून दिसणारं निराळं असतं. गिऱ्हाईक पंधरा हजारांचा फोन ठरवून येतं आणि बावीस हजारांचा घेऊन जातं, त्या मधल्या वीस मिनिटांत बाबा नेमकं काय बोलतात? कोपऱ्यातल्या टेबलावर फायनान्सवाला पोरगा बसतो, तो 'जरा इकडं बघा' म्हणून गिऱ्हाइकाचा फोटो काढतो, मग 'ओटीपी सांगा'. शेतातून थेट आलेला माणूस त्या फोटोसाठी टोपी सरळ करतो, शर्टाचं वरचं बटण लावतो. कर्जाच्या फॉर्मसाठी! हे तू रोज बघतेस म्हणून तुला दिसेनासं झालंय. माझ्या मते तुझी फिल्म इथं आहे, टीव्हीच्या डोक्याच्या माणसात नाही.

आता मैत्रिणींचा प्रश्न. याला फिल्म कोण म्हणणार? त्यांना दादासाहेब फाळक्यांचं वाटाण्याचं रोप सांग. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. त्याच्या आधी, १९१२ मध्ये, लंडनहून कॅमेरा आणल्यावर फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा समोर रोवला आणि रोज थोडी थोडी चित्रं घेत गेले. पडद्यावर पाहताना बी फुटून रोप भराभर वर येतं. ना नट, ना गोष्ट. 'अंकुराची वाढ' म्हणतात तिला. आपल्याकडच्या प्रायोगिक फिल्मचा मी धरतो तो पहिला दगड हाच. पण फाळक्यांनी ती कशासाठी केली? पुढच्या चित्रपटासाठी पैसे लावणाऱ्याला दाखवायला. म्हणजे ते डेमो होतं. तुझ्या दुकानात भिंतीवरच्या टीव्हीत मधाची धार संथ गतीनं पडते, पोपट पंख पसरतो, डाळिंब फुटून दाणे उडतात, त्याचं हे शंभर वर्षांपूर्वीचं भावंड. नवं यंत्र काय करू शकतं ते दाखवून समोरच्याचा खिसा सैल करणं आणि जग नव्यानं बघणं ही दोन्ही कामं एकाच चित्रानं केली. तेव्हा सिनेमा शुद्ध आणि बाजार मळका अशी वाटणी करून बसू नकोस. ती पहिल्या दिवसापासून टिकलेली नाही.

बाहेरच्या लोकांपैकी तुला तिघांची कामं पुरतील. अमेरिकेत रिचर्ड सेरा नावाचा शिल्पकार होता, पोलादाचे प्रचंड पत्रे उभे करणारा. त्यानं कार्लोटा फे स्कूलमनबरोबर १९७३ मध्ये 'टेलिव्हिजन डिलिव्हर्स पीपल' हे सुमारे ७ मिनिटांचं काम केलं. निळ्या पडद्यावर अक्षरं खालून वर सरकतात, मागं लिफ्टमध्ये वाजतं तसलं गुळगुळीत संगीत. मजकुराचा मथितार्थ असा की टीव्हीचा खरा माल म्हणजे प्रेक्षक, आणि तो जाहिरातदाराला पोचवला जातो. आज फुकटच्या अॅपबद्दल सगळे हेच बोलतात, पण १९७३ मध्ये ते टीव्हीच्याच पडद्यावर, टीव्हीच्याच गोड आवाजात सांगणं यात धार होती. खर्च जवळपास शून्य.

दुसरी डॅरा बर्नबॉम, अमेरिकेतलीच व्हिडिओ-कलाकार. १९७८-७९ मध्ये तिनं 'वंडर वुमन' या मालिकेतले क्षण घेतले: साधी नोकरदार बाई गरकन फिरते, स्फोट होतो आणि ती अतिमानवी होते. ते गिरकी घेणं तिनं परत परत लावलं. पहिल्यांदा मजा वाटते, पाचव्यांदा चीड येते, दहाव्यांदा लक्षात येतं की बाईला दोनच कपडे दिलेत, ऑफिसचे किंवा अंतर्वस्त्रासारखे. बर्नबॉम स्वतः एक शब्द बोलत नाही. हे तुझ्यासाठी महत्त्वाचं आहे, कारण तुझ्या आराखड्यात निवेदन दीड पान आहे.

तिसऱ्यावर मी जरा रेंगाळणार, कारण तो मला सगळ्यांत जवळचा. हारून फारोकी. जर्मन फिल्मकार, पण वडील भारतातून तिकडे गेलेले. २०१४ मध्ये वारला. १९८३ मध्ये त्यानं म्युनिकच्या एका स्टुडिओत 'प्लेबॉय' मासिकाच्या मधल्या पानाच्या एका फोटोची चार दिवसांची तयारी नुसती बघत राहून टिपली. उशी दोन बोटं डावीकडे, दिवा जरा खाली, हनुवटी वर, पुन्हा उशी. २५ मिनिटं. त्या फोटोत जे विकायचं आहे ते बघता बघता विरून जातं आणि उरतात घामाघूम झालेले कामगार. पुढं १९९७ मध्ये 'स्टिलेबन' केली. त्यात एकीकडं जुन्या फ्लेमिश चित्रकारांची फळं, मासे, पेले यांची चित्रं, दुसरीकडं आजचे जाहिरात-छायाचित्रकार चीज, बिअरचा ग्लास, घड्याळ यांच्यासमोर तासन् तास पूजेला बसल्यासारखे. चीजचा एक काप नीट दिसावा म्हणून माणसं कुजबुजत बोलतात. देवघरात बोलतात तसं. फारोकी त्यांची टिंगल करत नाही. त्यांच्या कामाकडं तो त्यांच्याइतक्याच काळजीनं बघतो, आणि त्या काळजीमुळंच आपल्याला धस्स होतं. २००१ मध्ये मॉलची आखणी करणाऱ्यांवर केलेल्या फिल्ममध्येही तेच: गिऱ्हाइकाची नजर कुठं जाते, पाय कुठं वळतात, याची चर्चा तो शांतपणे ऐकतो.

आपल्याकडं कुणी केलंच नाही असं समजू नकोस. प्रमोद पतींची 'एक्स्प्लोरर' १९६८ ची, तीही सरकारी फिल्म्स डिव्हिजनमधली. यंत्रं, नाचणारी पोरं, देवधर्म, सगळं डोळ्यांवर आपटत जातं. ती मिळवून बघ. एकदा आवाजासह आणि एकदा आवाज बंद करून.

आता माझी पहिली चूक सांगतो, म्हणजे तुझी वाचेल.

मी १९९८ पासून सांगलीत लग्नाच्या शूटिंगचं मिक्सिंग, म्हणजे जोडकाम, करत आलो. एक चित्र पुसत दुसरं आणणारे बदामाच्या आकाराचे वाइप, वधूवरांची नावं गरगर फिरत येणारी, तेच ते. २००४ मध्ये डोक्यात वारं शिरलं आणि टीव्हीवरून रेकॉर्ड केलेल्या जाहिराती कापून ९ मिनिटांची फिल्म केली. कट सहाशेच्या वर. साबण, स्कूटर, साबण, दात, साबण. मला वाटलं, केवढा घाव घातला बाजारावर! गणपतीत आमच्या गल्लीच्या मंडळानं पडदा लावला होता, तिथं दाखवली. पोरं जिंगलबरोबर गायला लागली. संपल्यावर मार्केट यार्डात हळदीची पोती वाहणारे एक आजोबा होते, त्यांनी शांतपणे विचारलं, "बरं केलंस. पण एवढ्या जाहिराती दाखवल्यास, पैसे किती दिले रे कंपन्यांनी?"

त्यांना टोमणा मारायचा नव्हता. त्यांना खरंच तसं वाटलं होतं, आणि ते बरोबर होते. जाहिरात वेगावरच जगते. तिचे तुकडे आणखी वेगानं दाखवले की ती आणखी मोठी जाहिरात होते. मी तिच्याच चालीनं पळत होतो आणि तिला हरवल्याच्या गुर्मीत होतो.

त्यानंतर तीन वर्षं मी काहीच केलं नाही. मग एका रात्री मिक्सिंग करताना लक्षात आलं की खरा माल रोज माझ्याच टेबलावर येऊन पडतोय. प्रत्येक लग्नाच्या कॅसेटमध्ये एक शॉट ठरलेला असतो: रुखवत आणि आंदणावरून फिरणारा कॅमेरा. डावीकडून उजवीकडे, सावकाश, कारण वधूपित्यानं बजावलेलं असतं की एकही वस्तू सुटता कामा नये. शेवयांचा तुळशीवृंदावनाचा देखावा, लोकरीचा ससा, मग स्टीलची भांडी, हंडे, टेबलफॅन, कपाट, गादी. काही वर्षांनी त्याच शॉटमध्ये कलर टीव्ही. मग मिक्सर, कूलर, फ्रिज. फ्रिजवर कुंकवाचं स्वस्तिक. मग वॉशिंग मशीन, तिच्यावर कंपनीचं स्टिकर तसंच ठेवलेलं, ते काढायचं नसतं. काही कॅसेटींत फ्रिजचं दार उघडून आतला दिवा लागतो तेही दाखवलंय.

मी ते शॉट एकामागून एक, पूर्ण लांबीचे, सालवार जोडले. कट तेवढेच जेवढी लग्नं. ४१ लग्नं. आवाज मूळचाच ठेवला: बँडचं गाणं लांबून, कुणीतरी 'पंगत बसली, चला', आणि मध्येच एका बापाचा आवाज, "ह्याची पावती पण दाखवा." निवेदन नाही. शेवटी नावंही नाहीत. तीच फिल्म लोकांना लागली. पुण्यात एका खोलीत तीसेक जणांसमोर दाखवली तेव्हा एक बाई मधूनच उठून गेल्या. नंतर जिन्यात भेटल्या, म्हणाल्या, "माझ्या वडिलांनी पाच वर्षं फेडलं ते."

तिथं एक गोष्ट शिकलो ती तंत्राची नाही. कॅसेट माझ्याकडे होती म्हणून चित्र माझं होत नाही. मी घरोघरी जाऊन विचारलं. बऱ्याच जणांनी हसत परवानगी दिली, काहींनी दार लावलं. एका घरात मुलगी माहेरी परत आली होती. ती कॅसेट मी वापरली नाही, पण फिल्ममध्ये तिच्या जागी तेवढ्याच लांबीचा काळा पडदा ठेवला. लोक विचारतात, टेप खराब होती का. मी हो म्हणतो.

मग २०१९ चा ऑगस्ट. कृष्णा गावभागात शिरली तेव्हा माझी खोली तळमजल्यावर होती. व्हीएचएस, मिनी-डीव्ही म्हणून आपण म्हणतो त्या डिजिटल कॅसेटी, दोन हार्ड डिस्क, सगळं पाण्यात. (कधी वेळ आलीच तर सांगून ठेवतो: भिजलेली टेप वाळली आहे का बघायला म्हणून लगेच यंत्रात घालू नको. टेपही जाते आणि ती वाचणारं यंत्राचं हेडही.) पाणी उतरल्यावर रस्त्यावर काय होतं ते तुला आठवत असेल, विट्याची माणसं मदतीला आली होती. प्रत्येक घरापुढं त्या घरातलं सगळं. फ्रिज आडवे, टीव्ही उपडे, गाद्या फुगलेल्या, मिक्सरच्या भांड्यात चिखल. पंचनाम्यासाठी ओळीनं मांडलेलं. माझा हात आपोआप कॅमेऱ्याकडे गेला, आणि मी कुठून सुरू केलं? डावीकडून उजवीकडे, सावकाश, एकही वस्तू सुटू नये असं. तीच सवय.

एका दारात बाई खराट्यानं गाळ ओढत होत्या. थांबून माझ्याकडे बघितलं. म्हणाल्या, "आमच्या लग्नाचं पण तुम्हीच काढलं होतं की. हा फ्रिज त्यातच आहे बघा."

मी कॅमेरा बंद केला आणि खराटा घेतला. ते शूटिंग आजतागायत जोडलेलं नाही. जोडीन का, ठाऊक नाही.

बरं, तुझ्या कामाचं. दुकानात शूट करताना तुला पहिल्याच दिवशी चित्रावर काळे पट्टे सरकताना दिसतील. आपली वीज सेकंदाला ५० आवर्तनांची, दिवे त्या तालावर लुकलुकतात, आणि फोन आपल्या मनानं ३० फ्रेमवर, म्हणजे सेकंदाला ३० चित्रं, रेकॉर्ड करतो, म्हणून ते जुळत नाही. हातानं सेटिंग करता येणारं कॅमेऱ्याचं अॅप घे, २५ फ्रेम, शटर (एकेक चित्र किती वेळ उजेड घेतं ते) १/५० सेकंद ठेव. तरी एखाद्या टीव्हीवर पट्टे राहतील, कारण पडद्यांचा ताल निराळा असतो. तिथं शटर थोडं थोडं सरकवून बघ. प्रकाश आणि फोकस दोन्ही लॉक कर, नाहीतर कुणी पांढरा शर्ट घालून आलं की सगळं दुकान अंधारतं. आणखी एक खोड: फोन फ्रेमचा वेग मध्येच कमीजास्त करतो, त्यामुळं लॅपटॉपवर आवाज हळूहळू मागं पडतो. आधी हँडब्रेकसारख्या फुकट साधनातून फाइल ठरावीक वेगाची करून घे, मगच जोडायला घे. लॅपटॉप जुना आहे म्हणतेस, तर मूळ फाइलींच्या हलक्या प्रती करून त्यांच्यावर काम कर.

पट्टे घालवायचे कसे ते आता सांगितलं. पण एखादे वेळी घालवू नकोस. पट्टा दिसणं म्हणजे दोन यंत्रांचं एकमेकांशी न पटणं, आणि ते चित्र तुझ्या विषयातलंच आहे. तसंच फाइल मोडण्याचं. व्हिडिओच्या फाइलमध्ये प्रत्येक चित्र पूर्ण साठवलेलं नसतं. मधूनमधून एखादं पूर्ण, बाकीच्यांत फक्त काय हललं तेवढी नोंद. ते पूर्ण चित्र काढून टाकलं की आधीच्या शॉटचा चेहरा पुढच्या शॉटच्या हालचालीवर मेणासारखा ओघळायला लागतो. दिसायला झकास. म्हणूनच सगळे वापरतात आणि म्हणूनच मी तुला एकदाच वापरू देईन.

आवाजावर मात्र हात सैल सोड. तुझ्या दुकानातला सगळ्यांत बोलका कलाकार म्हणजे गल्ल्यावरचा साउंडबॉक्स. आत सिमकार्ड असतं, पैसे जमा झाले की वरून निरोप येतो आणि तो मोठ्यानं सांगतो. पूर्वी गल्ल्यात किती पडले हे फक्त मालकाला कळायचं, आता अख्ख्या रांगेला कळतं. बोहनीच्या वेळी त्याचा आवाज आल्यावर बाबा नकळत हात जोडतात का ते बघ. माझ्या ओळखीचे एक भडंगवाले जोडतात. विट्याच्या बाजारात एका सकाळी वीस दुकानांतले हे आवाज नुसते गोळा कर. चित्राशिवाय.

शिवाय कानांना न ऐकू येणारं एक दुकान तुझ्या दुकानातच आहे. जुन्या काळी फोनवरचं बोलणं रेकॉर्ड करायला चिकटवायची एक छोटी कॉइल मिळायची, इलेक्ट्रॉनिक्सच्या सामानाच्या दुकानात अजून सापडते. ती रेकॉर्डरच्या माइकच्या खाचेत लाव आणि फोनजवळ, टीव्हीच्या मागं, चार्जरजवळ फिरव. कॉइल हवेतला आवाज घेत नाही, वीज आणि चुंबकाचं क्षेत्र घेते. पडदा चालू झाला की शीळ, निरोप आला की टिकटिक, चार्जरची घरघर. क्रिस्टीना कुबिश नावाची जर्मन कलाकार असले हेडफोन देऊन लोकांना शहरातून फिरवते. तुझ्या वयाला आठवणार नाही, पण साधे मोबाइल होते तेव्हा स्पीकरजवळ ठेवले की फोन वाजायच्या आधी 'टकटक-टकटक' यायचं. तो सेकंदाला २१७ वेळा चालू-बंद होणाऱ्या लहरींचा आवाज होता. आमच्या मिक्सिंगमध्ये तो असंख्य मंगलाष्टकांत शिरलाय. भटजींच्या खिशातून.

विषय शोधायला मुंबईला जायची गरज नाही हे पटवायला दोन गोष्टी सांगतो, दोन्ही आपल्याच सांगली जिल्ह्यातल्या. किर्लोस्करवाडी १९१० ची. लक्ष्मणरावांनी लोखंडी नांगर केला तेव्हा लोखंडानं जमिनीत विष भिनेल म्हणून शेतकरी तो घेईनात, असं सांगतात. म्हणजे नांगर घडवणं अर्धंच काम होतं, गिऱ्हाईक घडवणं उरलेलं अर्धं. १९२० मध्ये तिथूनच 'किर्लोस्कर खबर' निघालं. कारखान्याचं पत्रक म्हणून सुरू झालेलं ते मराठीतलं मोठं मासिक झालं. कारखान्याशेजारी छापखाना, यंत्राशेजारी वाचक. जुने अंक एखाद्या नगरवाचनालयात मिळाले तर लेख राहू देत, जाहिरातींची पानं चाळ आणि त्यांची भाषा आजच्या फोनच्या खोक्यावरच्या भाषेशेजारी ठेव.

दुसरी गोष्ट कडेगाव तालुक्यातली, मोहित्यांचे वडगाव. १५ ऑगस्ट २०२२ पासून तिथं संध्याकाळी ७ वाजता भोंगा होतो आणि दीड तास टीव्ही, मोबाइल बंद. देशभरच्या बातम्यांत आलं, सगळ्यांनी भोंगा दाखवला, अभ्यास करणारी पोरं दाखवली. मला त्यात बघायचं आहे ते साडेआठचं. भोंगा संपल्यावरची पहिली दोन मिनिटं. घराघरांत पडदे परत उजळतात तेव्हा ओट्यावरून तो उजेड कसा दिसतो? कॅमेरा रस्त्यात ठेवून, घरात न डोकावता. आणि परवानगीनं. तुला जमलं नाही तर मी करणार आहे, आताच सांगून ठेवतो.

तुमच्या विट्याकडची गलाईची माणसं देशभर सोनं गाळत फिरतात, हेही डोक्यात राहू दे. फोनच्या सर्किटवरही सोन्याचा पातळ मुलामा असतो. दुकानाच्या मागच्या खोक्यात मेलेल्या फोनचा ढीग आणि शेजारच्या गल्लीत मूस. पण ही दुसरी फिल्म. दोन एकत्र करू नकोस.

जाहिरातींच्या तुकड्यांबद्दल. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे, टीका-समीक्षेसाठी वाजवी वापराची मुभा त्यात येते. पण वाजवी किती हे सेकंदांत लिहिलेलं नाही, ठरतं ते कोर्टात, म्हणजे ही ढाल आहे, परवाना नव्हे. कमी घे, त्याच्यावर काहीतरी काम कर, आणि गाण्यांपासून लांब राहा, कारण गाणी ऑनलाइन टाकल्याक्षणी यंत्रच पकडतं. खरं विचारशील तर तुला जाहिराती लागणारच नाहीत. कायद्यापेक्षा मला तुझी दुसरीच काळजी आहे. दुरुस्तीला आलेले फोन तुझ्या हातात असतात. त्यांतलं एक चित्र, एक निरोप, एक नावसुद्धा फिल्ममध्ये येता कामा नये. ओटीपीचे आकडे, आधारकार्ड, कर्जाचा फॉर्म यांवर कॅमेरा नको. गिऱ्हाइकांचे हात घे, पाठ घे. चेहरा हवा असेल तर व्यवहार पुरा झाल्यावर विचार. आधी विचारलंस तर त्यांना वाटेल हो म्हटल्याशिवाय फोन मिळणार नाही. बाबांनाही विचार. त्यांचं बोलणं हा त्यांच्या धंद्याचा हुन्नर आहे, त्याची चेष्टा होणार नसेल तरच ते तुला देतील, आणि चेष्टा करायचीच असेल तर ही फिल्म करूच नकोस.

दाखवायची कुठं? महोत्सवांचं नंतर बघू. पहिला खेळ दुकानातच कर. भिंतीवर सहा टीव्ही असतील तर सहावर एकदम लाव. दुकानातले टीव्ही डेमो मोडमध्ये असतात, रंग भडक, उजेड चढवलेला, तो कमी करू नको. मध आणि पोपटाच्या जागी तुझी फिल्म.

त्याआधी एवढं कर. दुपारी तीनला, गिऱ्हाईक नसतं तेव्हा, फोन काउंटरच्या आत स्टँडवर लाव, भिंतीवरचे टीव्ही आणि मधली रिकामी खुर्ची एवढंच चौकटीत. दहा मिनिटं बटणाला हात लावायचा नाही. बाबा पेंगले तर पेंगू देत. आणि दुसऱ्या दिवशी फाळक्यांसारखं: सकाळी दहा ते रात्री नऊ, दर दहा सेकंदांना एक चित्र. ३९६० चित्रं होतील, २५ च्या वेगानं अडीच मिनिटांच्या वर थोडं. चार्जर लावून ठेव आणि जागा मोकळी कर, नाहीतर फोन संध्याकाळी ऐन गर्दीत मान टाकतो.

दोन्ही फाइली न कापता पेनड्राइव्हवर घाल आणि सांगलीला येणाऱ्या एसटीत कुणाबरोबर तरी पाठव. व्हॉट्सअॅपवर नको, तिथं चित्र चेंगरतं. आणि खरं सांगायचं तर माझ्या फोनमध्ये जागाही नाही; भाच्याच्या लग्नाचे फोटो आलेत, सातशे.